मशिदीच्या कमिटीची निवडणूक वादात : दाद मागायची ती नेमकी कुठे?

खाडीपट्टा (प्रश्न)

नमस्कार मंडळी. रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका गावच्या जामा मशिदीबद्दल विचारतो आहे. गावाचं नाव देत नाही, वाद आणखी चिघळायला नको.

मशीद बरीच जुनी. कमिटीची मुदत तीन वर्षांची, ती संपून आठ महिने झाले. मावळत्या अध्यक्षांनी जुम्याच्या नमाजनंतर मशिदीतच सभा घेतली आणि नऊ जणांची नवी कमिटी जाहीर केली. दुसऱ्या गटाचं म्हणणं असं की रीतसर नोटीसच निघाली नव्हती, आणि मुंबईत, आखातात असलेल्या सभासदांना काहीच कळवलं नाही. त्यांनी पंधरा दिवसांनी मदरशाच्या हॉलमध्ये सभा घेऊन आपली वेगळी कमिटी निवडली. पहिल्या गटाने सहायक धर्मादाय आयुक्तांकडे चेंज रिपोर्ट (कमिटी बदलल्याची नोंद मागणारा बदल अहवाल) टाकला आहे, दुसऱ्याने वक्फ मंडळाला (धर्मकार्यासाठी कायमची दिलेली मुस्लिम मालमत्ता म्हणजे वक्फ, तिच्यावर देखरेख करणारं मंडळ) पत्र दिलं आहे. आता पहिला गट तालुक्याच्या दिवाणी कोर्टात मनाई हुकमाचा दावा लावणार असं ऐकतो. दोन्हीकडून पत्रं गेल्यामुळे बँकेने खातं थांबवलं, त्यामुळे इमामसाहेब आणि मुअज्जिन यांचा दोन महिन्यांचा पगार अडकला. पोलीस म्हणतात, दिवाणी बाब आहे, कोर्टात जा.

कोर्टात जा म्हणजे कुठल्या? दिवाणी कोर्टाला यात हात घालता येतो का? आणि दोन-तीन ठिकाणी एकाच वेळी प्रकरण चाललं तर कुणाचा निर्णय धरायचा?

---

वकिली_टिपण

कोर्ट शोधण्याआधी संस्था शोधा. निवडणूक मशिदीच्या इमारतीची होत नाही, ती चालवणाऱ्या संस्थेची होते. ती संस्था कुठल्या रजिस्टरवर, कुठल्या स्वरूपात नोंदली आहे यावर निम्मा निकाल ठरतो. उरलेला निम्मा तुम्ही मागणी काय करता यावर.

म्हणून पहिलं काम म्हणजे नोंदणी क्रमांक बघणं. धर्मादाय कार्यालयाच्या नोंदणीत मुस्लिम न्यासांना ‘बी’ अक्षराचा क्रमांक असतो, सोसायटी म्हणून नोंदलेल्या संस्थेला ‘एफ’. कोकणात आणि मुंबईत बऱ्याच मशिदींना १९५० च्या सार्वजनिक न्यासांच्या कायद्याखाली ‘बी’ क्रमांक मिळालेले आहेत, आणि काही जमातींनी त्याशिवाय १८६० च्या सोसायटी कायद्याखाली वेगळी ‘एफ’ची नोंद केलेली असते. मराठवाड्यात चित्र वेगळं. तिथे वक्फ मंडळाची जुनी नोंदणी चालत आली आहे. तुमच्या लेटरहेडवर, पावतीपुस्तकावर, लाइट बिलावर कुठला क्रमांक आहे तो बघा, आणि मग दोन्ही कार्यालयांतून नक्कल काढा : धर्मादायकडून परिशिष्ट १ चा उतारा, वक्फ मंडळाकडून औकाफच्या (म्हणजे वक्फांच्या) रजिस्टरचा उतारा. दोन्ही प्रमाणित हव्यात. झेरॉक्सवर कोणी निकाल देत नाही.

वक्फ अधिनियम १९९५ च्या कलम ४३ प्रमाणे आधीच्या कायद्याखाली नोंदलेला वक्फ नव्या कायद्याखाली नोंदला गेला असं मानलं जातं. महाराष्ट्र राज्य वक्फ मंडळ २००२ मध्ये स्थापन झालं, त्यानंतर ‘बी’ क्रमांकाच्या पुष्कळ मशिदींची प्रकरणं धर्मादायकडून मंडळाकडे गेली. पण २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राच्याच प्रकरणात स्पष्ट केलं की मुस्लिम व्यक्तीने केलेला प्रत्येक सार्वजनिक न्यास आपोआप वक्फ ठरत नाही. वक्फ आणि न्यास या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. तेव्हा ‘बी’ आहे म्हणून वक्फ, असं सरळ समीकरण मांडू नका. मात्र पिढ्यान्‌पिढ्या सार्वजनिक नमाज होत आलेली जुनी मशीद असेल तर ती वक्फ आहे हे दाखवणं सहसा जड जात नाही. जड जातं ते शाळा, वसतिगृह, दवाखाना चालवणाऱ्या ट्रस्टच्या बाबतीत.

आता वक्फ आहे असं धरून पुढे जाऊ.

वक्फ अधिनियमाच्या कलम ३ मधली ‘मुतवल्ली’ची (वक्फचा कारभार पाहणाऱ्याची) व्याख्या वाचा. वक्फचा कारभार पाहणारी कमिटीसुद्धा तिच्यात येते. म्हणजे ‘खरी कमिटी कोणती’ हा प्रश्न कायद्याच्या भाषेत ‘मुतवल्ली कोण’ हा प्रश्न होतो. मुतवल्ली नेमण्याचा आणि काढण्याचा अधिकार कलम ३२ खाली मंडळाकडे आहे, आणि मुतवल्लीच्या जागेवरच वाद असेल तेव्हा कलम ६३ खाली मंडळ ठराविक काळासाठी कुणाला तरी नेमू शकतं. २०२४ मध्ये लक्षद्वीपच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच धरलं : मुतवल्लीपणाचा वाद पहिल्यांदा मंडळाने ऐकायचा, वक्फ न्यायाधिकरणाने (वक्फच्या वादांसाठीच्या खास न्यायासनाने) नाही. न्यायाधिकरण हे वाद मिटवणारं न्यायासन, मंडळ हे कारभार पाहणारं. म्हणून तुमच्या दुसऱ्या गटाची दिशा बरोबर आहे, फक्त नुसतं पत्र पुरेसं नाही. त्याबद्दल खाली कोणी लिहिलं नाही तर मी लिहितो.

दिवाणी कोर्टाबद्दल : कलम ८५ चा अडसर आहे. या कायद्याप्रमाणे न्यायाधिकरणाने ठरवायची कोणतीही बाब दिवाणी न्यायालयाला ऐकता येत नाही. २०१० च्या एका निकालामुळे (रमेश गोबिंदराम) बरीच वर्षं असं म्हटलं जायचं की न्यायाधिकरणाकडे फक्त कायद्याने नेमून दिलेल्या बाबी जातात, साधा मनाईचा दावा दिवाणी कोर्टातच. २०१३ च्या दुरुस्तीने कलम ८३ आणि ८५ दोन्ही रुंद केली, आणि २०२१ मध्ये रशीद वली बेग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की वक्फ मालमत्तेबद्दलचा नुसता मनाई हुकमाचा दावाही न्यायाधिकरणातच चालेल. त्यामुळे तालुका कोर्टातला तो दावा दाखल होईल, कदाचित पहिल्या दिवशी तूर्त मनाईसुद्धा मिळेल, पण समोरच्याने आक्षेप घेतला की सगळा वेळ त्या आक्षेपावर जाईल.

---

धर्मादाय_नोंदी

वरचं विवेचन बरोबर आहे, पण एक मोठी गोष्ट राहिली. २०२५ च्या दुरुस्तीने (८ एप्रिल २०२५ पासून लागू) वक्फ अधिनियमाच्या कलम २ ला परंतुक (अपवाद सांगणारी पुस्ती) जोडलं आहे. मुस्लिमाने वक्फसारख्याच हेतूने स्थापन केलेला न्यास, मग तो आधीचा असो की नंतरचा, किंवा सार्वजनिक धर्मादायाच्या एखाद्या कायद्याखाली नियंत्रित होणारा न्यास, यांना वक्फ अधिनियम लागू होणार नाही, आणि कुठल्याही न्यायालयाचा आधीचा निकाल याच्या आड येणार नाही. ‘बी’ क्रमांकाच्या संस्थांसाठी हे परंतुक म्हणजे नवीन वादाचं मूळ आहे. तुमच्या पहिल्या गटाचे वकील तेच दाखवून म्हणणार : आमची संस्था महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम १९५० खाली नियंत्रित आहे, आम्ही धर्मादाय कार्यालयातच राहणार. हा मुद्दा हवेत मांडता येत नाही. कागद काय बोलतात ते बघावं लागतं. मूळ दस्तात ‘वक्फ’ म्हटलंय की ‘ट्रस्ट’, गेली वीस वर्षं वार्षिक अंशदान मंडळाला भरलंय की धर्मादायकडे हिशेबपत्रकं दिलीत, आधीच्या कमिट्यांचे बदल कोणी मंजूर केले. एकाच कमिटीने आधी तीन वेळा मंडळाकडून मान्यता घेतली असेल आणि आता हरायची वेळ आली म्हणून ‘आम्ही ट्रस्ट’ म्हणत असेल, तर ते फार काळ टिकत नाही.

संस्था खरंच १९५० च्या कायद्यातली निघाली तर वाट अशी : बदल झाल्यापासून ९० दिवसांत कलम २२ खाली बदल अहवाल. त्याच्या चौकशीत सहायक किंवा उपधर्मादाय आयुक्त सभा घटनेप्रमाणे झाली का, नोटीस बजावली का, मतदार पात्र होते का हे पुराव्यावर तपासतात. म्हणजे निवडणुकीची वैधता तिथेच ठरते. दुसऱ्या गटाने स्वतःचा बदल अहवाल टाकायचा आणि पहिल्याच्या अहवालात कलम ७३अ खाली पक्षकार होण्याचा अर्जही द्यायचा. दोन्ही प्रकरणं एकत्र ऐकावीत अशी विनंती लेखी करा, नाहीतर एकाचा अहवाल बिनविरोध मंजूर होऊन बसतो. २०१७ च्या दुरुस्तीनंतर तात्पुरत्या मंजुरीची पद्धत आहे, त्यामुळे हरकत पहिल्या महिन्यातच नोंदवायला हवी. निर्णयावर कलम ७० खाली ६० दिवसांत अपील, त्यानंतर कलम ७२ खाली न्यायालयात अर्ज.

इथेही दिवाणी कोर्टाला कलम ८० आडवं येतं. जो प्रश्न या कायद्याखालच्या अधिकाऱ्याने ठरवायचा, तो दिवाणी न्यायालय ठरवू शकत नाही. याच कायद्याच्या कलम ४१अ चा अर्ज करणारे पुष्कळ दिसतात. त्यात कारभाराबद्दल निर्देश मिळतात (हिशेब द्या, खातं असं चालवा), पण विश्वस्त कोण याचा फैसला तिथे होत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९२ चा (सार्वजनिक न्यासांबद्दलचा) दावाही इथे नाही. १९५० च्या कायद्याचं कलम ५२ त्याला दार बंद करतं.

आणि ‘एफ’ची सोसायटी वेगळी असेल तर लक्ष ठेवा : सोसायटीची कमिटी निवडून आली म्हणून ती मशिदीच्या वक्फची मुतवल्ली झाली असं होत नाही, जोवर नियमावली किंवा मंडळाची योजना तसं म्हणत नाही. तुमच्याकडच्या निम्म्या भांडणाचं कारण हेच निघण्याची शक्यता आहे.

---

खाडीपट्टा

मनापासून आभार. उतारे मागवले. ‘बी’ क्रमांक आहे, ‘एफ’ नाही. वक्फ मंडळाच्या रजिस्टरवरही मशिदीची नोंद आहे आणि मागच्या दोन्ही कमिट्यांना मान्यता मंडळानेच दिली होती. अंशदानाच्या पावत्याही सापडल्या. मधल्या काळात पहिल्या गटाने दिवाणी दावा दाखल केलाच. समन्स आलं आहे, पुढची तारीख तीन आठवड्यांनी. आता काय करायचं?

---

नस्ती_क्रमांक

म्हणजे तुमची बाजू वक्फच्या बाजूने बऱ्यापैकी भक्कम आहे. आता क्रमाने सांगतो, कारण इथे क्रम चुकला की सहा महिने जातात.

दिवाणी दाव्यात गैरहजर राहू नका. ‘कोर्टाला अधिकारच नाही’ म्हणून घरी बसलेल्यांविरुद्ध एकतर्फी मनाई झालेली असते आणि मग ती उठवायला उलट धावपळ. हजर व्हा, मनाई अर्जाला म्हणणं द्या, आणि त्याच दिवशी अधिकारक्षेत्राचा आक्षेप वेगळ्या अर्जाने घ्या. अर्ज कशाचा याला महत्त्व आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम ११(ड) खाली वादपत्र फेटाळा अशी मागणी करता येते, कारण दावा कायद्याने बाधित आहे. नियम १० खाली वादपत्र योग्य न्यायासनापुढे सादर करण्यासाठी परत द्या अशी मागणी करता येते. दोन्ही एकमेकांना पर्याय म्हणून लिहा. दोन्ही ठिकाणी कोर्ट मुख्यतः वादपत्र वाचून ठरवतं, तुमचा बचाव वाचून नाही. वादपत्रात ‘मशीद’, ‘वक्फ’, ‘मुतवल्ली’, ‘मंडळाची मान्यता’ असे शब्द कुठे आले आहेत ते परिच्छेद क्रमांकासह अर्जात दाखवा. हुशार वकील हे शब्द टाळून ‘सार्वजनिक न्यास’, ‘कार्यकारी मंडळ’ असंच लिहितात. तेव्हा वादपत्रासोबत त्यांनीच जोडलेली कागदपत्रं बघा. परिशिष्ट १ च्या उताऱ्यात मशिदीची जमीन, मुस्लिम कब्रस्तान, उद्देश सगळं दिसतं.

आणखी एक : इंटरनेटवरचे जुने लेख वाचून त्याच संहितेच्या कलम ९अ चा (अधिकारक्षेत्राचा) प्राथमिक मुद्दा काढा असा अर्ज देऊ नका. महाराष्ट्रापुरतं असलेलं ते कलम २०१८ मध्ये रद्द झालं.

वक्फ अधिनियमाच्या कलम ९० कडे दोन्ही बाजू दुर्लक्ष करतात. वक्फ मालमत्तेचा हक्क, ताबा किंवा मुतवल्लीचा हक्क यावरच्या प्रत्येक दाव्यात कोर्टाने मंडळाला नोटीस काढायची असते, खर्च दावा लावणाऱ्याचा. नोटीस न काढता झालेला हुकूमनामा मंडळाच्या अर्जावर निरर्थक ठरू शकतो. पहिल्याच तारखेला लेखी दाखवून द्या की नोटीस निघालेली नाही.

कलम ९३ तर गावपातळीवर कोणाला माहीतच नसतं. मुतवल्लीच्या हक्काचा दावा मंडळाच्या मंजुरीशिवाय तडजोडीने मिटवता येत नाही. गावातल्या वडीलधाऱ्यांनी मध्ये पडून ‘पाच तुमचे, चार आमचे’ असं ठरवलं, लोकअदालतीत पुरसीस (तडजोडीचं लेखी निवेदन) दिली आणि मंजुरी नाही, तर तिसरा कोणीही पुढच्या वर्षी ते उकरून काढेल. तडजोड जरूर करा, मशिदीच्या वादात तीच सगळ्यात चांगली. पण आधी मंडळाकडे मसुदा पाठवा.

मंडळापुढचा अर्ज : पत्र नको, अर्ज. त्यावर स्पष्ट मागण्या. पहिली, कलम ३२ खाली खरी कमिटी कोणती हे ठरवावं. पर्यायी मागणी म्हणजे मंडळाच्या निरीक्षकासमोर नवी निवडणूक घ्यावी. तिसरी, तोवर कलम ६३ खाली ठराविक मुदतीसाठी तात्पुरती व्यवस्था, आणि तिच्या अधिकारात इमाम-मुअज्जिनचा पगार, वीजबिल आणि दुरुस्ती एवढ्यापुरतं खातं चालवण्याची परवानगी. ही तिसरी मागणी लोक विसरतात, आणि मग मुख्य वाद चालू असताना मशीद अंधारात राहते. बँकेला या आदेशाची प्रमाणित प्रत लागते. बँक आपल्या मनाने कोणा एका गटाला खरं ठरवत नाही, आणि ते योग्यच आहे.

कलम ६५ खाली मंडळाने थेट कारभार हातात घेण्याची मागणी करू नका, जोवर दुसरा इलाज नाही असं होत नाही. ती व्यवस्था पाच वर्षांपर्यंत लांबू शकते, आणि जमातीच्या हातून मशीद गेल्यासारखं होतं.

मंडळाचा आदेश आल्यावर दुखावलेल्या बाजूने कलम ८३ खाली न्यायाधिकरणात जायचं. ते छत्रपती संभाजीनगरला आहे, कोकणातून लांब पडतं, त्यामुळे कागद एकदाच पूर्ण करून न्या. न्यायाधिकरणाला दिवाणी न्यायालयाचे अधिकार आहेत, मनाई हुकूम देता येतो. पूर्वी त्याच्या निर्णयावर अपील नव्हतं, फक्त उच्च न्यायालयात पुनरीक्षण. २०२५ च्या दुरुस्तीनंतर ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येतं. रत्नागिरीसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच आहे, पण न्यायाधिकरण दुसऱ्या खंडपीठाच्या हद्दीत बसतं, म्हणून अपील कुठे दाखल करायचं ते आधी रजिस्ट्रीत विचारून घ्या. मंडळालाच प्रतिवादी करून दावा आणायचा झाला तर कलम ८९ ची दोन महिन्यांची लेखी नोटीस लागते. शंका असेल तरी ती आजच पाठवून ठेवा, दिवस मोजायला लागतात.

---

वकिली_टिपण

नस्ती यांनी सगळं नीट मांडलं आहे. पुराव्याबद्दल थोडं, कारण अधिकारक्षेत्र जिंकूनही माणसं इथे हरतात.

प्रोसिडिंग बुक बघा, झेरॉक्स नव्हे, मूळ वही. सभेचा इतिवृत्तान्त कुठल्या पानावर सुरू होतो, आधीच्या सभेची शेवटची ओळ आणि ही पहिली ओळ यांत किती जागा आहे, शाई एकच आहे का, हजेरीच्या सह्या इतिवृत्तान्ताच्या आधी आहेत की वेगळ्या सुट्या कागदावर घेऊन चिकटवल्या आहेत. ‘सर्वानुमते’ लिहिलं आहे पण सूचक-अनुमोदकाची नावं नाहीत, असं असेल तर तिथेच प्रश्न उभा राहतो. सह्यांचा क्रम आणि मतदार यादीचा क्रम तंतोतंत एकच असेल तर ती हजेरी यादीवरून नंतर भरली असावी अशी शंका रास्त आहे. प्रत्यक्षात माणसं यादीच्या क्रमाने मशिदीत येत नाहीत.

नोटिशीचे दिवस मोजताना नियमावलीत ‘पूर्ण दिवस’ म्हटलं असेल तर नोटीस दिल्याचा आणि सभेचा, दोन्ही दिवस वगळा. सात पूर्ण दिवसांची नोटीस १ तारखेला दिली तर सभा ९ च्या आधी घेता येत नाही. पहिल्या गटाची सभा याच कारणाने पडू शकते, पण दुसऱ्या गटानेही हे स्वतःच्या सभेला लावून बघावं. पंधरा दिवसांनी घेतलेली ‘आपली’ सभा बोलावण्याचा अधिकार कोणाला होता? नियमावलीत ठराविक सभासदांच्या मागणीपत्राची तरतूद असेल आणि ते पत्र आधी अध्यक्षांना दिलं नसेल, तर दोन्ही सभा अवैध ठरून मंडळ नव्याने निवडणूक घ्यायला सांगेल. अनेकदा हाच शेवट होतो आणि तो वाईट नाही.

आखातातल्या सभासदांना व्हॉट्सॲपवर नोटीस दिली, असा दावा दोन्हीकडून होईल. स्क्रीनशॉट नुसता जोडून भागत नाही. भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम ६३ चं प्रमाणपत्र (जुनं ६५ब) सोबत लागतं. ज्याच्या फोनवरून नोटीस गेली त्यानेच तो फोन जपून ठेवावा, फॉरमॅट करू नये. आणि नियमावलीत टपालाने किंवा फलकावर नोटीस असं लिहिलं असेल तर व्हॉट्सॲप त्याची जागा घेईलच असं नाही.

मतदार यादी : वर्गणी थकलेल्याला मत आहे का हे नियमावलीत शोधा. ‘थकबाकीदारास मताधिकार नाही’ असा नियम असेल तरी ती थकबाकी त्याला कळवली होती का, पावती मागितली तेव्हा घ्यायला नकार दिला का, हे बघितलं जातं. सभेच्या आदल्या दिवशी एकाच हाताने, सलग क्रमांकाने फाडलेल्या चाळीस पावत्या कोणाच्याही नजरेत भरतात.

---

खाडीपट्टा

एकच शेवटचं. तहसीलदारांकडे अर्ज करावा का, मशिदीच्या चाव्यांवरून हातघाईची वेळ येते आहे. आणि दावा परत मिळाल्यावर पहिल्या गटाची मुदत गेली असं होईल का?

---

नस्ती_क्रमांक

तहसीलदार कार्यकारी दंडाधिकारी म्हणून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६३ (जुनं १४४) किंवा १६४ (जुनं १४५) खाली शांतता राखण्यापुरता आदेश देऊ शकतात. कमिटी कोणती खरी हे ते ठरवू शकत नाहीत, आणि त्यांच्या आदेशाने कोणाचा हक्क सिद्ध होत नाही. भीती असेल की १६४ खाली मशिदीलाच टाळं लागेल आणि जमात नमाजला मुकेल, तर अर्जात स्पष्ट लिहा : नमाज, अजान आणि दफनविधी अबाधित राहावेत, चाव्या इमामसाहेबांकडे पंचनामा करून ठेवाव्यात. वादाच्या काळात चाव्या दोन्ही गटांपैकी कोणाकडे नकोतच.

मुदतीबद्दल : प्रामाणिकपणे आणि मेहनतीने चुकीच्या न्यायालयात घालवलेला काळ मुदत अधिनियमाच्या कलम १४ खाली वगळून मागता येतो, आणि २०२५ नंतर मुदत अधिनियम वक्फच्या स्थावर मालमत्तेबद्दलच्या प्रकरणांनाही लागू झाला आहे. पण ‘प्रामाणिकपणे’ हा शब्द जड आहे. तुम्ही पहिल्याच तारखेला आक्षेप घेतला, उतारे दाखवले, आणि तरी ते दोन वर्षं दिवाणी कोर्टातच लढत राहिले, तर नंतर त्यांना ते सांगणं कठीण जाईल. म्हणूनच तीन आठवड्यांनंतरच्या तारखेला अर्ज तयार असू द्या. रजिस्टरचे दोन्ही उतारे, मागच्या दोन मान्यतेची पत्रं आणि अंशदानाच्या पावत्या, याच क्रमाने यादी लावून.